वाऱ्यावर खापर न फोडणारा माणूस

पारस गेल्याचं कळलं तेव्हा मी नवीन जालन्यातल्या बँकेत रांगेत उभा होतो. हयातीचा दाखला द्यायचा होता. माझ्यापुढं दहा-अकरा जण, सगळे माझ्याच वयाचे, हातात पासबुक आणि आधार कार्डाची झेरॉक्स. खिशात फोन थरथरला. आमच्या तंत्रनिकेतनातल्या जुन्या शिक्षकांचा एक ग्रुप आहे, त्यावर एकच ओळ होती... ‘पारस सर आज सकाळी गेले.’ खाली जोडलेल्या हातांची चित्रं येऊ लागली होती. मी रांग सोडली नाही. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढं जे सांगायचंय त्यातही मी असाच दिसणार आहे. माझा नंबर आला, अंगठा मशीनवर ठेवला, कारकून ‘झालं काका’ म्हणाला, आणि मग बाहेर येऊन ऑटो केला. जुन्या जालन्यातल्या त्याच्या घरी पोचलो तेव्हा त्याला नेलं होतं. ओसरीवर बायका बसल्या होत्या आणि दारात चपलांचा ढीग होता. स्मशानात मी मागं उभा राहिलो. हृदय थकलं होतं त्याचं, डॉक्टरांनी वर्षभर आधीच सांगितलं होतं म्हणे. मला ते माहीत नव्हतं. तीस वर्षं एका विभागात शिकवलेल्या माणसाचं हृदय थकलंय, हे मला त्याच्या चितेजवळ एका तिसऱ्याच माणसाकडून कळलं.

पंधरा दिवसांनी शोकसभा झाली. आमच्या संस्थेचे अध्यक्ष बोलले, ‘पारस सरांनी आयुष्यभर सत्याची कास धरली.’ पारसचा धाकटा भाऊ ललित बोलला, ‘भैय्या तत्त्वाचे पक्के होते, आम्हाला त्यांचा अभिमान आहे.’ रुमालानं डोळे पुसले त्यानं, आणि मला वाटतं ते पाणी खरं होतं. तिसरा मी. मी त्याच्या फळ्यावरच्या अक्षराबद्दल बोललो. किती सुबक आकृत्या काढायचा, खडू कसा तिरका धरायचा, असं चार मिनिटं. लोकांनी माना डोलावल्या. घरी आल्यावर बायकोनं विचारलं, ‘काय बोललात?’ मी म्हणालो, ‘काहीच नाही.’ म्हणून हा लेख.

पारसचे पणजोबा राजस्थानातून जालन्यात आले. जैन घर, धान्याची आडत. पारस थोरला, गादीवर त्यानं बसावं असं वडिलांचं ठरलेलं. पण तो स्थापत्य अभियांत्रिकी शिकला आणि शिक्षक झाला. गादी ललितकडं गेली, त्यानं आडतीच्या जोडीला बियाण्यांचा व्यापार वाढवला. घरात मारवाडी, बाजारात हिंदी, वर्गात मराठी, आणि वैतागला की तिन्ही एकदम, असा पारस होता. मी घनसावंगीकडचा, शेतकऱ्याच्या घरातला. पहिल्या वर्षी डबा खाताना त्यानं माझ्या ठेच्याकडं बघून विचारलं होतं, ‘काळे, हे खाऊन तू जिवंत कसा राह्यलास?’ आणि मग कांदा-लसूण न खाणाऱ्या त्या माणसानं बोटाच्या टोकानं तो ठेचा चाखला होता... घाम फुटला, डोळे लाल झाले आणि म्हणाला, ‘बराबर आहे. पण पाप लागलं.’ आम्ही त्या दिवसापासून मित्र.

त्याची मुलगी लग्नानंतर अमेरिकेत ओक्लाहोमाला गेली. एका उन्हाळ्यात पारस आणि त्याची बायको सुशीलाभाभी तिकडं दोन महिने राहून आले. परत आल्यावर लोक तिथल्या दुकानांबद्दल, रस्त्यांबद्दल बोलतात. हा टोर्नेडोबद्दल, भोवऱ्यासारख्या फिरत येणाऱ्या वादळाबद्दल बोलायचा. तिकडं तो भाग टोर्नेडोचाच. मुलीच्या शेजारी एक इंजिनिअर राहायचा. वादळ येऊन गेलं की मोडतोड बघून त्याची श्रेणी ठरवणाऱ्या पथकात तो होता. एकदा पारस त्याच्या मागं लागून त्याच्यासोबत गेला. तिथं जे पाहिलं ते त्यानं आमच्या वर्गांना पुढं कित्येक वर्षं शिकवलं, अभ्यासक्रमात नसताना.

‘सांगा, टोर्नेडोचा जोर कसा मोजतात?’ तो विचारायचा. मुलं म्हणायची, यंत्रानं. ‘यंत्र राहतं का तिथं? आणि नेमकं त्याच्या वाटेवर कोण ठेवणार?’ मग फळ्यावर एक घर काढायचा. शून्य ते पाच अशा सहा पायऱ्या आहेत. पाच म्हणजे सगळ्यात भयंकर, ताशी दोनशे मैलांच्या वर, आपल्या हिशेबात सव्वातीनशे किलोमीटरच्या आसपास आणि पुढं. पण तो वेग कुणी वाऱ्याला हात लावून मोजलेला नसतो. वारा निघून गेल्यावर माणसं पायी फिरतात. काय मोडलं ते बघतात. घर, शाळा, गोदाम, विजेचा खांब, झाड... अशा अठ्ठावीस प्रकारच्या गोष्टींची यादी असते, आणि प्रत्येकीची मोडतोड किती झाली त्याचे टप्पे ठरलेले असतात. पत्रा उचकटला, छप्पर गेलं, भिंती पडल्या, जोतं धुऊन निघाल्यासारखं साफ झालं. त्यावरून उलटं मागं जायचं, की एवढं व्हायला वारा केवढा लागला असेल. ‘आणि इथं खरी गोम आहे,’ तो खडू उचलायचा. ‘घर आडवं झालं म्हणून वारा मोठा, असं न्हाई. घर बांधलं कसं होतं, ते आधी बघायचं.’

त्या दिवशी त्या पथकानं एक घर पाहिलं होतं. घर कुठलं, नुसतं काँक्रीटचं जोतं उरलेलं, वर वीटसुद्धा नाही. पारसला वाटलं, हीच पाचवी पायरी. तो शेजारी मात्र गुडघ्यावर बसला आणि जोत्याच्या कडेनं हात फिरवत चालला. भिंतीच्या तळची लाकडं जोत्याला बोल्टनं आवळलेली हवीत, नटाखाली वॉशर हवा. तिथं नुसते खिळे मारलेले होते. एवढं घर उडायला पाचव्या पायरीचा वारा लागतच नाही. त्यानं श्रेणी खाली आणली. तेवढ्यात त्या घराची मालकीण पुढं आली. तिचा नवरा त्याच घरात मेला होता. ती ओरडली, माझा माणूस गेला, आणि तुम्ही म्हणता वारा मोठा नव्हता? तो इंजिनिअर उभा राहिला, टोपी काढली आणि म्हणाला, ‘बाई, ही श्रेणी वाऱ्याची आहे. तुमच्या दुःखाची नाही.’ पारस हे सांगताना दर वेळी थांबायचा. ‘तिच्या दुःखासाठी त्यानं आकडा वाढवला असता, तर त्या गावात पुढची घरंही खिळ्यांवरच उभी राहिली असती,’ म्हणायचा.

मला तेव्हा हे नुसतं रंजक वाटायचं.

मग आमच्याकडचं वादळ आलं. मे महिना, दुपारी चारचा सुमार. राजूरच्या अलीकडं एका गावाबाहेर ललितनं बियाणं निवडायची मोठी लोखंडी शेड बांधली होती, दोन वर्षंही झाली नव्हती. गावातल्या बायका तिथं निवडणीला जायच्या. आभाळ भरून आलं, धूळ उठली, वारा सुटला. शेतात असलेल्या दोघीजणीही आडोसा म्हणून शेडमध्ये शिरल्या. शेडचं छप्पर उचललं गेलं, खांब कलंडले आणि छपराच्या लोखंडी कैच्या खाली आल्या. दोन बायका गेल्या. एक मंगल, पंचविशीची, आणि एक रुक्मिणबाई. बाकीच्या जखमी झाल्या. दुरून कुणीतरी फोनवर व्हिडिओ काढला होता, त्यात मातीचा एक भोवरा फिरताना दिसायचा. संध्याकाळपर्यंत सगळ्या जिल्ह्याच्या फोनवर तो होता. ‘जालन्यात टोर्नेडो.’ दुसऱ्या दिवशी पेपरातही तेच. टोर्नेडो म्हटल्यावर पुढचं सगळं सोपं झालं. टोर्नेडोपुढं कुणाचं काय चालतं?

चौकशी समिती नेमली गेली आणि तांत्रिक मत आमच्या विभागाकडं मागितलं. पारस स्वतः माझ्या टेबलाशी आला. ‘शेड माझ्या भावाची आहे. मुख्य तपासनीस तू हो. मी तुझ्या हाताखाली टेप धरतो.’ मी म्हणालो, ‘तू नसलास तरी चालेल, पारस. घरचा मामला आहे.’ तो म्हणाला, ‘घरचा आहे म्हणून तर यायचंय.’

आम्ही तीन दिवस तिथं फिरलो. टेप बहुतेक वेळ मीच धरली, वाकून बघत तो होता. शेडपासून शंभर पावलांवर एक कडुलिंब होता, त्याच्या बारक्या फांद्या तेवढ्या मोडलेल्या, पानं जागेवर. विजेचे खांब सरळ. कडब्याच्या गंजीचा वरचा थर गेलेला, खालची गंजी तशीच. आणि शेडच्या पाठीमागं मंगलच्या सासूचं घर होतं. गयाबाई तिचं नाव. मातीच्या भिंती, वर पत्रे, पत्र्यांवर दगड आणि तारेचे वेढे. एक पत्राही हलला नव्हता. सुनेला जाऊन आठवडा झाला होता, ती उंबऱ्यात बसून होती. पारसनं हात जोडून विचारलं, ‘बाई, वारा केवढा होता?’

‘वारा होता, न्हाई म्हणत न्हाई,’ ती म्हणाली. ‘डोळे उघडत नव्हते. पण सायेब, माझं छप्पर दगडावर उभंय अन् ते जागेवर हाय. यांचं लोखंड कसं काय गेलं, तेवढं सांगा मला.’

पारस शेडच्या खांबांच्या बुडाशी गेला आणि मातीत बसला. प्रत्येक खांबाखालच्या लोखंडी पाटाला चार भोकं होती. नकाशात चार बोल्ट होते. जागेवर दोन, आणि कित्येक ठिकाणी त्या दोनांवर नटच नव्हते. जे बोल्ट उपटून आले होते ते काँक्रीटमध्ये वीतभरही गेले नव्हते, आणि पकड बसावी म्हणून वाकवायचं असतं ते खालचं टोक वाकवलेलं नव्हतं. भाकरीच्या पिठातून काडी निघावी तसे निघाले होते. त्यानं एक बोल्ट माझ्या हातावर ठेवला. वहीत लिहिलं : भोवरा होता की सरळ वारा, सांगता येत नाही, भोवरा धरला तरी सगळ्यात खालची पायरी, शून्य. नियमाप्रमाणं बांधलेली शेड या वाऱ्यात उभी राहायला हवी होती. मी वाचलं आणि म्हणालो, ‘बिलकुल बराबर आहे.’ हे मी म्हणालो होतो. गयाबाईच्या समोर.

अहवाल त्यानं टाइप केला. खाली दोन जागा : मुख्य तपासनीस आणि सहायक. सहायकाच्या जागी त्यानं सही केली आणि कागद माझ्याकडं दिले. दुसऱ्या दिवशी अध्यक्षांनी मला केबिनमध्ये बोलावलं. चहा आला, बिस्किटं आली.

‘काळे सर, वाऱ्याचा वेग तुम्ही मोजला होता का?’

‘मोजता येत नाही साहेब. मोडतोडीवरून अंदाज करतात.’

‘म्हणजे अंदाज आहे.’

‘हो. पण शास्त्रीय...’

‘अंदाजावर एका माणसाला गुन्हेगार ठरवायचं? तुमच्यासारख्या जबाबदार माणसानं?’ मग ते वेगळंच बोलू लागले. प्राचार्य निवृत्त होतायत, अनुभवी माणूस हवा, माझं नाव पुढं आहे. आमच्या नव्या वर्कशॉपचं काम सुरू होणार होतं. कंत्राटदार तोच होता, ज्यानं ललितची शेड बांधली होती. हे त्यांनी सांगितलं नाही. मला माहीत होतं, आणि मला माहीत आहे हे त्यांना माहीत होतं.

मी पारसच्या अहवालावर सही केली नाही. वेगळं एक पान लिहिलं. ‘उपलब्ध पुराव्यावरून वाऱ्याचा वेग निश्चितपणे सांगता येत नाही. प्रत्यक्षदर्शींचं कथन व चित्रफीत पाहता टोर्नेडोसदृश वादळाची शक्यता नाकारता येत नाही.’ पारस ते पान हातात घेऊन माझ्याकडं आला. उभ्यानंच वाचलं. मी विचारलं, ‘यात खोटं काय आहे ते दाखव.’

‘खोटं काहीच न्हाई,’ तो म्हणाला. ‘म्हणून तर...’ मग म्हणाला, ‘काळे, तिकडं त्या इंजिनिअरनं विधवेच्या तोंडावर श्रेणी खाली आणली, कारण खिळे दिसले होते त्याला. तुलाही बोल्ट दिसले. मी तुझ्या हातावर ठेवला होता. तू वाऱ्याला वर चढवून राह्यलास... कुणासाठी?’

मी म्हणालो, ‘अनिश्चितता आहे, ती मी नोंदवली. शास्त्रच सांगतं.’ शास्त्र खरंच सांगतं. वाऱ्याची श्रेणी हा अंदाजच असतो. मोकळ्या रानातून गेलेल्या प्रचंड टोर्नेडोलाही मोडायला काही सापडलं नाही तर खालची श्रेणी मिळते, हे मला पारसनंच शिकवलं होतं. त्याचं शास्त्र मी त्याच्याच विरोधात वापरलं. तो कागद टेबलावर ठेवून गेला. ओरडला असता तर मला सोपं गेलं असतं.

मुख्य तपासनीसाचं मत ग्राह्य धरलं गेलं. निष्कर्ष निघाला : नैसर्गिक आपत्ती. पारसची सही असलेल्या अहवालाबद्दल गावात वेगळीच कुजबुज सुरू झाली. भावाभावांत वाटणीवरून बेबनाव आहे, थोरला सूड उगवून राह्यलाय. त्यांच्यात कसलाही बेबनाव नव्हता. तोवर दर रविवारी दोन्ही घरं एकत्र जेवायची. त्या रविवारपासून बंद झालं. आई ललितकडं राहायची. पारस भेटायला गेला तेव्हा ती एवढंच म्हणाली, ‘वो थारो सगो भाई है.’ तो तुझा सख्खा भाऊ आहे. हे त्यानंच मला सांगितलं होतं, स्टाफरूममध्ये, मी विचारलेलं नसताना. माझ्याशी बोललेलं त्याचं ते शेवटचं घरचं वाक्य. पुतणीच्या लग्नाला त्याला बोलावणं आलं नाही. पत्रिका मला आली. मी गेलो. जेवलोसुद्धा.

आणि मी प्राचार्य झालो. चार वर्षं त्या खुर्चीत बसलो. वर्कशॉप उभं राहिलं, त्याच कंत्राटदाराकडून. पारसनं लेखी कळवलं की खांबांचं बूड उघडून दाखवल्याशिवाय तो तिथं मुलांचा तास घेणार नाही. अध्यक्ष म्हणाले, नोटीस द्या. मी दिली. ‘कामात हयगय’ असा शब्द वापरून, माझ्या सहीनं. बघा, सही करता येत होती मला. त्याचं उत्तर एका ओळीचं आलं : ‘मुलं आत असताना वारा येणार नाही असं लेखी मिळाल्यास तास घेईन.’ स्टाफरूममध्ये लोक यावर हसले. हळूहळू त्याच्या टेबलाशी बसायला कुणी उरलं नाही. दिवाळीच्या सुट्टीत मी बाहेरगावचा एक फिटर आणून वर्कशॉपचे खांब तपासून घेतले. चौदा खांबांना पूर्ण नट नव्हते. मी ते बसवून घेतले, फिटरला कुठं बोलू नको म्हणालो, आणि स्वतःही बोललो नाही. पारसला सांगितलं असतं तर? नोटीस मागं घ्यावी लागली असती. मग मला कुणीतरी विचारलं असतं, की मग त्या शेडचं काय. सुट्टीनंतर त्याचे तास मी दुसऱ्याला दिले, आणि प्रकरण मिटलं असं फाइलवर लिहिलं.

तो निवृत्त झाला तेव्हा निरोप समारंभ झाला नाही. त्यानंच नको म्हणून कळवलं, आणि आम्ही सगळे सुटलो. त्यानंतर एकदाच भेटला, स्टेशनजवळ, औषधांच्या दुकानात. मी गुडघ्याच्या गोळ्या घेत होतो. ‘चढताना दुखतं की उतरताना?’ त्यानं विचारलं. मी म्हणालो, उतरताना. ‘मंग जल्दी दाखव कुणाला तरी.’ एवढंच. त्याच्या हातात कसली औषधं होती, मी बघितलं नाही. वर्कशॉपचे नट बसवले, एवढं तीन शब्दांचं वाक्य माझ्या तोंडाशी आलं होतं. दुकानदारानं गोळ्यांची पिशवी पुढं केली आणि ते राहिलं.

शोकसभेनंतर चार दिवसांनी मी सुशीलाभाभींकडं गेलो. त्यांनी पाणी दिलं. मला दोष देणारं एक अक्षर त्या बोलल्या नाहीत, त्यानं मी जास्त अवघडलो. जरा वेळानं म्हणाल्या, ‘भाईसाहब, ते महिन्यातून एक सोमवार राजूरच्या गाडीत बसायचे. गणपतीला जाऊन येतो म्हणायचे. आमच्यात कुणी राजूरला जात नाही, मी कधी विचारलं नाही. आता एका बाईचा फोन येऊन राह्यलाय, सर का आले नाहीत म्हणून. माझ्यानं सांगवत नाही. तुम्ही सांगून याल का?’

पुढच्या सोमवारी मी गेलो. राजूरच्या बसमधून अलीकडच्या फाट्यावर उतरलो. ललितची शेड पुन्हा उभी होती, नवे निळे पत्रे, आतून बायकांचे आवाज. गयाबाई शाळेत असते, असं कुणीतरी सांगितलं. ती शाळेत मुलांचा भात शिजवायला लागली होती. चुलीजवळून उठून आली, पदर नीट केला, माझ्याकडं रोखून बघितलं.

‘तुम्ही आल्ते सरांच्या संगं. टेप धरून उभे होते.’

‘हो.’

‘सर कुठं हाईत?’

मी सांगितलं. ती तिथंच खाली बसली, जमिनीला हात टेकून. रडली नाही. मग म्हणाली, ‘मला म्हणले होते, बाई, तुमच्या सुनेचा कागद पुढं गेला न्हाई. दुसऱ्या सरांची सही राहून गेली.’

‘राहून गेली असं म्हणाले?’

‘तसंच म्हणायचे. केली न्हाई असं कधी म्हणले न्हाईत.’

शाळेच्या पायरीवर आम्ही दोघं बसून होतो, आतून मुलांचे पाढे ऐकू येत होते. तिनं तो दुसरा सर कोण ते विचारलं नाही. तिला कळलं होतं की नाही, मी अजून सांगू शकत नाही.

मग ती उठली. ‘आज सोमवार हाय,’ म्हणाली. शाळेच्या मागं मुलांना जेवायला बसायची लोखंडी शेड होती. पारसनं पंचायतीच्या मागं लागून तिचे सगळे बोल्ट नव्यानं बसवून घेतले होते आणि प्रत्येक नटाला लाल रंग दिला होता, एखादा गेला तर लांबूनही कळावं म्हणून. दर सोमवारी गयाबाई प्रत्येक खांबापाशी वाकायची आणि चारही नटांना हात लावायची. महिन्यातून एकदा तो येऊन पुन्हा लावायचा. ती आता वाकत निघाली, एकेक खांब करत. सहाव्या खांबाशी थांबली.

‘हा फिरून राह्यलाय. तुम्ही बघा.’

मी गुडघा धरून खाली बसलो. नट बोटांनी फिरत होता. पाना कुठं मिळेल, मी विचारलं. ती म्हणाली, ‘पान्यानं तुम्ही आज आवळाल. शाळेच्या मोठ्या बाईंना कागद द्यावा लागतो, मंग पंचायतीचा माणूस येतो अन् सगळे तपासतो. मी सांगितलं तर कोण ऐकतं? सर लिहून द्यायचे.’ चुलीजवळच्या कोनाड्यातून तिनं एक वही आणली, त्यातलं कोरं पान फाडून माझ्यापुढं धरलं. ‘लिहा. सहावा खांब, रस्त्याकडचा. वाऱ्याचं काय लिहू नका. नटाचं लिहा.’

मी पायरीवर बसून लिहिलं. सहावा खांब, रस्त्याच्या बाजूचा, चारपैकी एक नट ढिला, धोकादायक, तात्काळ दुरुस्ती करावी. खाली सही केली. तिनं कागद हातात घेतला, उलटून पाहिला. तिला वाचता येत नाही. पण सही कुठली असते ते तिला ठाऊक होतं. तिथं बोट ठेवून तिनं विचारलं, ‘हे तुमचं नाव?’

‘माझंच,’ मी म्हणालो.

ती कागद घेऊन मोठ्या बाईंच्या खोलीकडं गेली. मी तिथंच बसून राहिलो. चुलीवर भात उतू चालला होता, तो मी खाली उतरवला.